आभाळाचे मोजणीदार

*वाऱ्याला काठ नसतो, रंग नसतो, पाऊलखुणाही नसतात. तरीही शंभरहून अधिक वर्षं काही माणसं आभाळातल्या अदृश्य नद्यांची मोजणी करत आली आहेत. आपल्या अंगणात पडणाऱ्या पावसाची वाटही त्यांच्याच नकाशात सापडते.*

पहाटेची वेळ. दूधवाल्यांच्या सायकली नुकत्याच रस्त्यावर आलेल्या असतात. घराघरांत पहिला चहा व्हायचा असतो. अशा वेळी मुंबईत, नागपुरात, पणजीत हवामान खात्याच्या आवारात एक कर्मचारी जवळजवळ आपल्या उंचीचा पांढरा फुगा दोन्ही हातांनी सावरत मोकळ्या जागेत येतो. फुग्यात हायड्रोजन भरलेला असतो. त्यामुळे आसपास विडी-काडीला सक्त मनाई असते. फुग्याखाली लांब दोरी आणि दोरीच्या टोकाला हातात मावेल एवढा हलका डबा. वाऱ्याचा अंदाज घेऊन तो माणूस हात सोडतो, आणि बघता बघता फुगा आभाळात ठिपक्याएवढा होतो.

त्याच सुमारास टोकियोजवळ सकाळचे नऊ वाजत आलेले असतात, तर ग्रिनिचच्या घड्याळात मध्यरात्र होत आलेली असते. तिथल्या वेधशाळांतूनही असेच फुगे सुटतात. जगभरातल्या शेकडो ठिकाणी दिवसातून दोनदा, ठरल्या वेळी हे चालतं. भारतात नोंदीच्या या वेळा आहेत पहाटे साडेपाच आणि संध्याकाळी साडेपाच. दिवाळी असो की ईद, त्यात खंड पडता कामा नये असा नियम.

आकाशातल्या जादूच्या प्रवाहांचे नकाशे काढणारा एखादा म्हातारा मुलांच्या गोष्टीत भेटला, तर आपण त्याला कल्पनेचं पात्र म्हणून सोडून देऊ. पण हा पेशा खराच आहे. त्याचे प्रवाहही खरे आहेत आणि त्यांच्यावर आपल्या शेतीपासून विमानाच्या तिकिटापर्यंत बरंच काही अवलंबून आहे. फक्त हे नकाशे एकदा काढून भिंतीवर लावता येत नाहीत. जमिनीची मोजणी केली की सातबारा तयार होतो आणि वर्षानुवर्षं चालतो. आभाळाचा सातबारा मात्र दिवसातून दोनदा नव्याने लिहावा लागतो.

राखेने दाखवलेली वाट

आभाळात उंचावर मोठे प्रवाह वाहतात, हे माणसाला पहिल्यांदा नीट कळलं ते एका भयंकर संकटातून. २७ ऑगस्ट १८८३ रोजी जावा आणि सुमात्रा यांच्यामधल्या क्राकाटोआ ज्वालामुखीचा महास्फोट झाला. समुद्राच्या लाटांनी किनाऱ्यावरची गावंच्या गावं पुसली गेली. ३६ हजारांहून अधिक माणसं दगावली. ज्वालामुखीची बारीक राख आणि वायू कित्येक किलोमीटर उंच गेले.

मग नवल सुरू झालं. सप्टेंबरात मद्रास आणि सिलोनमधल्या लोकांना चक्क हिरवट सूर्य दिसला. प्रशांत महासागरातल्या होनोलुलूमध्ये सेरेनो बिशप नावाच्या धर्मोपदेशकाने ५ सप्टेंबरला सूर्याभोवती एक विचित्र कडं पाहिलं. बिशप चौकस होते. अशी दृश्यं कुठे कुठे, कोणत्या तारखेला दिसली याच्या नोंदी त्यांनी जुळवल्या, तेव्हा एक वाट स्पष्ट झाली. राखेचा पट्टा विषुववृत्ताजवळून पश्चिमेकडे सरकत होता आणि साधारण दोन आठवड्यांत त्याने पृथ्वीला प्रदक्षिणा घातली होती. हिशेब केला तर वेग ताशी १०० किलोमीटरच्या वर जात होता.

जमिनीवर उभ्या असलेल्या माणसाला त्या वाऱ्याची झुळूकही लागली नव्हती. राख नसती तर तो वाहतोय हेही कळलं नसतं. पण प्रवाह पाहायचा म्हणून दर वेळी ज्वालामुखीची वाट पाहणं कसं परवडणार? वाऱ्याला रंग देणारं काहीतरी रोज वर पाठवायला हवं होतं.

फुगा, दुर्बीण आणि त्रिकोणमिती

संक्रांतीला पतंग उडवणाऱ्या पोराला एक गोष्ट शिकवावी लागत नाही. गच्चीवर पान हलत नसतं तेव्हाही वर वारा असू शकतो आणि तो भलत्याच दिशेचा असू शकतो. हवामानशास्त्रज्ञांनीही सुरुवातीला पतंगच वापरले. पण पतंगाला दोरीची मर्यादा. फुग्याला ती नाही.

फुग्याची युक्ती साधी आहे. ठरावीक वजनाचा वायू भरलेला फुगा साधारण ठरावीक वेगाने वर चढतो. समजा, मिनिटाला २०० मीटर. म्हणजे दहा मिनिटांनी तो दोन किलोमीटर उंचीवर असणार. जमिनीवरचा निरीक्षक थिओडोलाइटमधून, म्हणजे मोजणीखात्याच्या कोन मोजणाऱ्या दुर्बिणीतून, फुगा नजरेत धरून ठेवतो आणि दर मिनिटाला दोन कोन लिहून घेतो. फुगा कोणत्या दिशेला आहे आणि क्षितिजापासून किती वर आहे. दहाव्या मिनिटाला तो बरोबर ४५ अंशांवर दिसला, तर तो आपल्यापासून आडवा दोन किलोमीटर दूर गेलाय. शाळेतली त्रिकोणमिती इथे अशी कामी येते. दर मिनिटाचं ठिकाण कागदावर मांडायचं, दोन ठिकाणांमधलं अंतर मोजायचं. तोच त्या उंचीवरचा वारा.

युक्ती सोपी, काम कठीण. तासभर डोळा दुर्बिणीला लावून बसायचं. मिनिटाच्या ठोक्याला कोन वाचायचा, तो लिहायचा आणि पुढचा ठोका पडायच्या आत फुगा पुन्हा नजरेत पकडायचा. एकदा का नजर हटली की निळ्या आभाळातला तो ठिपका परत सापडणं मुश्कील. रात्री फुग्याखाली कागदी आकाशकंदील लांब दोरीने टांगत, आत मेणबत्ती. चांदण्यांच्या गर्दीत तो मिणमिणता ठिपका शोधत निरीक्षक बसलेले असत.

भारतात या कामाचं पहिलं मोठं ठाणं झालं आग्र्याला. तिथे १९१४ मध्ये वरच्या हवेची वेधशाळा सुरू झाली. तिथून काही फुग्यांबरोबर छोटी नोंदयंत्रं पाठवत. पोस्टाच्या तिकिटाएवढ्या धातूच्या पत्र्यावर हवेचा दाब आणि तापमान यांची बारीक रेघ उमटायची. फुगा फुटला की यंत्र कुठेतरी शेतात पडायचं. त्याच्यासोबत चिठ्ठी असे की सापडल्यास परत करा, बक्षीस मिळेल. एखाद्या शेतकऱ्याने किंवा गुराख्याने ते आणून दिलं तरच शास्त्रज्ञांना आभाळातली गोष्ट कळायची.

अशाच नोंदींवर काम करून के. आर. रामनाथन यांनी १९२९ मध्ये जगाला एक अनपेक्षित गोष्ट दाखवली. १६-१७ किलोमीटर उंचीवर सगळ्यात थंड हवा ध्रुवांवर नसते, ती असते विषुववृत्ताच्या डोक्यावर. रामनाथन हे सी. व्ही. रामन यांचे विद्यार्थी. पुढे ते अहमदाबादच्या भौतिक संशोधन प्रयोगशाळेचे पहिले संचालक झाले. त्यांच्या शोधामागे ती यंत्रं शेतातून उचलून आणून देणारी साधी माणसंही होती.

तातेनोचा फुगेवाला

याच काळात जपानमध्ये वासाबुरो ओईशी नावाचे एक शांत, चिकाटीचे गृहस्थ फुगे सोडत होते. टोकियोच्या ईशान्येला तातेनो नावाच्या खेड्यात १९२० मध्ये सुरू झालेल्या वेधशाळेचे ते प्रमुख. मार्च १९२३ ते फेब्रुवारी १९२५ या दोन वर्षांत तिथे १,२८८ निरीक्षणं नोंदवली गेली. हिशेब केला तर रोज जवळजवळ दोन.

२ डिसेंबर १९२४ ला फुगा नऊ किलोमीटरच्या आसपास पोचला आणि कोनांचं गणित मांडल्यावर विलक्षण आकडा आला. सेकंदाला ७२ मीटर. म्हणजे ताशी जवळजवळ २६० किलोमीटर! एवढ्या वेगाचं चक्रीवादळ किनाऱ्यावर आलं तर घरांची छपरं उडतील. आणि इथे निरभ्र, शांत थंडीच्या दिवशी डोक्यावरून हा लोंढा चालला होता. बाकीच्या हिवाळी नोंदींतही पश्चिमेकडून पूर्वेकडे वाहणारा तोच जबरदस्त प्रवाह दिसत होता.

आज आपण त्याला जेट स्ट्रीम म्हणतो. हजारो किलोमीटर लांब, काहीशे किलोमीटर रुंद आणि जाडी मात्र जेमतेम काही किलोमीटर, असा त्याचा आकार. एका बाजूला उष्ण प्रदेशातली गरम हवा, दुसऱ्या बाजूला ध्रुवाकडची थंड हवा. या दोहोंतल्या फरकातून वारा जन्मतो आणि पृथ्वीच्या फिरण्यामुळे पूर्वेकडे वळतो.

ओईशींचा शोध मोठा होता. तो जगभर पोचावा असं त्यांनाही वाटत होतं. म्हणून १९२६ मध्ये त्यांनी आपला अहवाल एस्पेरांतो भाषेत छापला. सगळ्या देशांच्या माणसांना एकमेकांशी बोलता यावं म्हणून मुद्दाम तयार केलेली ही भाषा. ओईशी तिचे निष्ठावान पुरस्कर्ते होते. पुढे तर ते जपानच्या एस्पेरांतो संस्थेचे अध्यक्षही झाले. त्यांनी एकूण १९ अहवाल याच भाषेत काढले. दुर्दैव असं की जगाची म्हणून निवडलेली ही भाषा जगातले फारच थोडे हवामानशास्त्रज्ञ वाचत होते. अहवाल कपाटात गेले. नकाशा तयार होता, पण तो कुणी उघडला नाही.

न वाचलेल्या नकाशाची किंमत

ती उघडकीला आली वीस वर्षांनी, महायुद्धात. २४ नोव्हेंबर १९४४ रोजी अमेरिकेची शंभरावर बी-२९ बॉम्बफेकी विमानं मारियाना बेटांवरून टोकियोवर निघाली. नऊ किलोमीटर उंचीवर गेल्यावर ती ताशी २०० किलोमीटरहून अधिक वेगाच्या वाऱ्यात सापडली. वारा पाठीवर घेतला तर विमान लक्ष्यावरून भन्नाट निघून जायचं, समोरून घेतला तर जागच्या जागी रेंगाळायचं. विमानाच्या कारखान्यावर नेम धरलेले बॉम्ब भलतीकडेच पडले. वैमानिकांनी परत येऊन वाऱ्याचे आकडे सांगितले, तेव्हा त्यावर विश्वास ठेवणं वरिष्ठांना जड गेलं. ओईशींच्या कागदावर हे आकडे दोन दशकं आधी छापून झाले होते.

पुढे अमेरिकेने डावपेच बदलले. उंचावरून नेम धरण्याऐवजी रात्री, कमी उंचीवरून आगलावे बॉम्ब टाकायचं ठरलं. त्यामागे अनेक कारणं होती. वरचा वारा हे त्यातलं एक. ९-१० मार्च १९४५ च्या एका रात्रीत टोकियोत सुमारे एक लाख माणसं जळून मेली.

जपानी लष्कराने मात्र हा प्रवाह ओळखला होता आणि तोच शस्त्र म्हणून वापरला. नोव्हेंबर १९४४ ते एप्रिल १९४५ या काळात नऊ हजारांच्या वर कागदी फुगे बॉम्ब लटकवून प्रशांत महासागरापार सोडण्यात आले. हातकागदाचे थर कंदाच्या खळीने चिकटवून हे प्रचंड फुगे बनवण्याचं काम शाळकरी मुलींना लावलं होतं. आपण काय बनवतोय हे त्यांतल्या अनेकींना ठाऊकही नव्हतं. अमेरिकेत सुमारे तीनशे फुगे पोचल्याचं आढळलं. ५ मे १९४५ रोजी ऑरेगॉन राज्यात सहलीला गेलेल्या एका गरोदर बाईने आणि पाच मुलांनी रानात पडलेला असा फुगा पाहिला. स्फोट झाला आणि सहाही जण दगावले.

युद्ध संपलं आणि त्याच प्रवाहाने वेगळं काम सुरू केलं. नोव्हेंबर १९५२ मध्ये पॅन अमेरिकन कंपनीचं विमान टोकियोहून होनोलुलूला या वाऱ्यावर स्वार होऊन गेलं. १८ तासांचा प्रवास साडेअकरा तासांत झाला. फेब्रुवारी २०२० मध्ये न्यूयॉर्कहून निघालेलं एक प्रवासी विमान चार तास ५६ मिनिटांत लंडनला उतरलं, तेही याच वाऱ्याच्या धक्क्याने. अमेरिकेतल्या मुला-नातवंडांकडे जाऊन आलेल्या कितीतरी आजी-आजोबांनी अटलांटिकवर अनुभवलेलं असतं की जाताना विमान जास्त वेळ घेतं आणि येताना लवकर पोचतं. त्याचं कारण तातेनोच्या त्या फुग्यात आहे.

आपल्या पावसाची तीन मजली वाट

एव्हरेस्टवर चढणारे गिर्यारोहक मे महिन्याची वाट का पाहतात? कारण हिवाळाभर हा पश्चिमी जेट प्रवाह शिखराला झोडपत असतो. उन्हाळ्याच्या शेवटी तो हिमालयाच्या उत्तरेला सरकतो. आणि साधारण त्याच सुमारास आपल्याकडे पावसाचे दिवस येतात. भारतात वर्षभराच्या पावसापैकी तीन चतुर्थांश पाऊस जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत पडतो. तेव्हा हे वारे मोजणं ही आपल्यासाठी चैन नव्हती, गरज होती.

पण पावसाळ्यात फुगेवाल्यांची मोठी पंचाईत व्हायची. ढगात शिरलेला फुगा दुर्बिणीतून दिसणार कसा? नेमका ज्या दिवसांचा वारा हवा, त्याच दिवसांची पानं कोरी राहायची. ही अडचण सुटली ती रेडिओमुळे. फुग्याखालचं यंत्र संदेश पाठवू लागलं, आणि दुर्बिणीला न दिसणारा फुगा रेडिओच्या साहाय्याने ढगाआडही हेरता येऊ लागला.

मग पावसाची वाट मजल्या-मजल्याने उलगडत गेली. १९५८ मध्ये हवामान खात्याचे पी. कोटेश्वरम यांनी दाखवलं की पावसाळ्यात भारतीय द्वीपकल्पावर १४ किलोमीटरच्या आसपास पूर्वेकडून पश्चिमेकडे वाहणारा जेट प्रवाह असतो. म्हणजे खाली ढग पूर्वेकडे चाललेले आणि त्यांच्या डोक्यावर वारा बरोबर उलटा. १९६६ मध्ये पी. व्ही. जोसेफ आणि पी. एल. रामन यांनी तळमजल्याचा प्रवाह मांडला. जुलैत द्वीपकल्पावर जेमतेम दीड किलोमीटर उंचीवरून पश्चिमेकडून येणारा जोरदार वाऱ्याचा पट्टा.

हा पट्टा येतो कुठून? १९६९ मध्ये जे. फिंडलेटर या हवामानतज्ज्ञाने आफ्रिकेच्या बाजूने या कोड्याचा दुसरा तुकडा जोडला. हा प्रवाह विषुववृत्ताच्या दक्षिणेला, हिंदी महासागरात सुरू होतो. मादागास्करच्या उत्तर टोकाजवळून तो केनियाकडे येतो. तिथल्या डोंगररांगा त्याला भिंतीसारख्या अडवतात. मग तो भिंतीच्या कडेने विषुववृत्त ओलांडतो, सोमालियाच्या किनाऱ्यालगत वळसा घेतो आणि अरबी समुद्रावरून बाष्प उचलत आपल्या पश्चिम किनाऱ्यावर येऊन धडकतो. रत्नागिरीच्या कौलांवर वाजणारा पाऊस असा आफ्रिकेचा किनारा घासून येतो.

कोकणातल्या कोळ्याला हे नकाशे ठाऊक नव्हते, पण वारा ठाऊक होता. पावसाळ्यात होड्या किनाऱ्यावर ओढून ठेवायच्या आणि नारळी पौर्णिमेला समुद्राला नारळ वाहून पुन्हा पाण्यात लोटायच्या, ही रीत त्याच वाऱ्याचा मान राखून पडली.

शेतकऱ्याच्या दृष्टीने तर हा तळमजल्याचा प्रवाह फारच महत्त्वाचा. तो कोकणावरून द्वीपकल्प ओलांडत असेल तेव्हा मध्य भारतात पाऊस जोर धरतो. तो दक्षिणेकडे, श्रीलंकेच्या बाजूला कलला की पावसात खंड पडतो. पेरणी झालेली, रोपं दोन पानांवर आलेली आणि आभाळ कोरडं. असा लांबलेला खंड म्हणजे दुबार पेरणी, म्हणजे बियाण्याचा दुप्पट खर्च, म्हणजे सावकाराचा उंबरठा. वाऱ्याची वाट चार दिवस आधी कळली, तर पेरणी थांबवायची की उरकायची हे ठरवता येतं. तसा इशारा देता यावा म्हणून तर ही सारी मोजणी.

चुकीच्या मापापेक्षा माप नसलेलं बरं

मोजणी करायची तर माप खरं हवं. त्यासाठी आयुष्य वेचणाऱ्यांत अन्ना मणी यांचं नाव घ्यावंच लागतं. जन्म १९१८ चा, त्रावणकोरमधल्या पीरमेडचा. रामन यांच्या प्रयोगशाळेत त्यांनी हिऱ्या-माणकांवर संशोधन केलं. पण एम. एस्सी.ची पदवी नाही म्हणून त्यांना पीएच. डी. नाकारली गेली. १९४५ मध्ये त्या भौतिकशास्त्र शिकायला इंग्लंडला गेल्या. शिष्यवृत्ती मात्र मिळाली हवामानाच्या उपकरणांची. नाराज न होता त्यांनी तेच काम आपलं मानलं.

१९४८ मध्ये त्या पुण्याला हवामान खात्यात रुजू झाल्या. शिवाजीनगरची ती दगडी इमारत पुणेकर आजही ‘सिमला ऑफिस’ म्हणून ओळखतात, कारण १९२८ मध्ये खात्याचं मुख्यालय सिमल्याहून तिथे आलं होतं. पुण्यात एस. पी. वेंकटेश्वरन यांनी फुग्याबरोबर वर जाणारं रेडिओयंत्र देशातच विकसित केलं होतं. फुगा वर चढताना त्यातला छोटा पंखा फिरायचा आणि त्याच्या फेऱ्यांवर यंत्राचे संदेश चालायचे. त्यांच्यानंतर उपकरण विभागाची सूत्रं अन्ना मणींकडे आली. शंभरावर पुरुष हाताखाली आणि प्रमुख एक बाई, हे १९५० च्या दशकात! साध्यासुध्या उपकरणांसाठीही परदेशाकडे पाहणाऱ्या देशात त्यांनी जवळजवळ शंभर हवामान-उपकरणांचे आराखडे प्रमाणित करून ती इथेच बनवायला सुरुवात केली. खोटं माप घेण्यापेक्षा माप न घेतलेलं बरं, असा त्यांचा कटाक्ष असे. चुकीचा आकडा नकाशात गेला की तो सगळ्या देशाचा अंदाज बिघडवतो, हे त्या जाणून होत्या.

१९७६ मध्ये निवृत्त झाल्यावरही त्या थांबल्या नाहीत. देशात कुठे किती वारा वाहतो याची मोजमापं गोळा करून त्यांनी १९८३ मध्ये पवनऊर्जेसाठी माहितीग्रंथ प्रसिद्ध केला. पवनचक्क्या कुठे उभ्या कराव्यात हे ठरवायला अशा नोंदी लागतात. सातारा जिल्ह्यात चाळकेवाडी-वनकुसवड्याच्या पठारावर गेलात तर पावसाळ्यात पवनचक्क्यांची पाती सर्वांत जोमाने फिरताना दिसतात. त्यांना फिरवणारा वारा तोच, आफ्रिकेवरून आलेला. २००१ मध्ये अन्ना मणींचं निधन झालं.

नकाशाला पडणारी भोकं

आज मोजणीदारांच्या हाताशी नवी साधनं आली आहेत. फुग्याखालचा डबा उपग्रहांच्या मदतीने आपलं ठिकाण स्वतःच सांगतो. तीस किलोमीटरच्या वर जाईपर्यंत फुगा फुगत फुगत एखाद्या खोलीएवढा होतो आणि फुटतो. प्रवासी विमानंही उडता उडता वाऱ्याचे आकडे पाठवत असतात. युरोपीय अवकाश संस्थेने ऑगस्ट २०१८ मध्ये ‘एओलस’ नावाचा उपग्रह सोडला होता. लेझरचा किरण टाकून अवकाशातून थेट वारा मोजणारा तो पहिलाच. जुलै २०२३ मध्ये त्याची कामगिरी संपली.

मग पहाटे उठून फुगा सोडायचा तो कशाला? याचं उत्तर कोरोनाच्या काळात मिळालं. २०२० च्या एप्रिलमध्ये जगभरची विमानं जमिनीवर आली आणि त्यांच्याकडून येणारे वाऱ्याचे आकडे एकाएकी आटले. फुगे मात्र जात राहिले. उपग्रह वरून पाहतो, विमान आपल्या मार्गावरच मोजतं. जमिनीपासून तीस किलोमीटरपर्यंत एकाच ठिकाणचा थर न् थर हाताने चाचपून पाहावा तसं माप फुगाच देतो. उपग्रहांची मापं पडताळायलाही तोच लागतो.

हवामानाचा अंदाज सांगणारा संगणक कितीही ताकदीचा असला तरी त्याला आधी ‘आत्ता आभाळात काय चाललंय’ हे सांगावं लागतं. तिथे भोक पडलं की अंदाजही तिथून उसवतो. फुगे मात्र स्वस्त पडत नाहीत आणि माणूसबळही लागतं. मार्च २०२५ मध्ये अमेरिकेसारख्या श्रीमंत देशाच्या हवामान खात्याला माणसं अपुरी पडल्यामुळे नेब्रास्कातल्या ओमाहा आणि दक्षिण डाकोटातल्या रॅपिड सिटी इथले फुगे थांबवावे लागले. जिथे दर उन्हाळ्यात चक्रीवावटळी उठतात, त्याच पट्ट्यातली ही केंद्रं. तिथल्या शास्त्रज्ञांनी यावर लगेच चिंता व्यक्त केली. वाऱ्याला सरहद्द नसते. एका ठिकाणची कोरी जागा दुसऱ्या ठिकाणच्या अंदाजात चूक होऊन उतरते.

म्हणूनच फुगेवाल्याने सकाळी मोजलेला वारा तो एकट्याचा राहत नाही. काही वेळातच त्याचे आकडे जगभरच्या हवामान केंद्रांत पोचतात. ओईशींच्या अहवालासारखे ते कपाटात पडून राहत नाहीत. ते सगळ्यांना कळेल अशा आकड्यांच्या सांकेतिक भाषेत असतात. ओईशींना हवी होती ती जगाची भाषा अखेर फुगेवाल्यांनाच सापडली.

अधूनमधून एखाद्या गावात शेतात थर्माकोलसारख्या पदार्थाचा पांढरा डबा, सोबत दोरी आणि फाटका रबर पडलेला सापडतो. लगेच बॉम्बची आवई उठते, पोलीसपाटलाला बोलावणं जातं, पोरं लांबून टकामका बघत उभी राहतात. पोलीस येतात, चौकशी होते आणि कळतं की तो हवामान खात्याचा फुगा. मग सगळे हसतात आणि आपापल्या कामाला लागतात.

तोवर दुपार कलू लागलेली असते. मुंबईत, नागपुरात, पणजीत संध्याकाळच्या पाळीचा माणूस नव्या फुग्यात हायड्रोजन भरायच्या तयारीला लागलेला असतो. सकाळचा नकाशा आता जुना झालेला असतो.